आबांचं माप

श्रावण लागला की मला एक खोड जडते. रस्त्यानं जाताना मी पुढच्या गाडीची मागची चाकं बघत राहतो. नंबर नाही, मॉडेल नाही, चालवणारा कोण तेही नाही. चाकामागे काय लोंबतंय तेवढंच. रबर आहे की प्लॅस्टिक, कंपनीचं आहे की बाजारातलं, जमिनीपासून किती बोटं वर आहे. बायको शेजारी बसलेली असते. ती म्हणते, "समोर बघा." मी म्हणतो, "समोरच बघतोय." मी काय शोधतोय ते तिला चांगलं ठाऊक आहे.

आमच्या धुळ्याकडचा श्रावण तसा गरीब. कोकणासारखा तो कोसळत नाही. सकाळी भुरभुर, दुपारी ऊन, संध्याकाळी परत एखादी सर. पिकाला पुरेल की नाही याची सगळ्यांना धाकधूक, पण चिखलाला मात्र तेवढं भरपूर होतं. आणि चिखल म्हणजे आमचा चिखल. काळ्या मातीचा. चपलेला लागला की चपलेसकट माणसाला उंच करणारा. धुळ्याच्या देवपुरातल्या एका कॉलेजात मी बावीस वर्षं भूगोल शिकवतोय, आणि या मातीवर माझं एक ठरलेलं व्याख्यान आहे. ती ओल धरून ठेवते, उन्हाळ्यात तिला भेगा पडतात, त्या भेगांतून वरची माती आत जाते, म्हणजे ही जमीन स्वतःलाच नांगरते, वगैरे. मुलं लिहून घेतात. मग घरी येऊन मी जुना टूथब्रश काढतो, गाडीच्या चाकाशी उकिडवा बसतो आणि तीच माती खरवडत तिला तोंडभर नावं ठेवतो. वर्गातला मी आणि चाकाजवळचा मी एकमेकांना भेटलो तर ओळख देणार नाही.

चार वर्षांपूर्वीच्या श्रावणात आमच्याकडे पहिली गाडी आली. पांढरी. "खान्देशात राहून पांढरी?" असं सगळ्यांनी विचारलं. मला पांढरीच हवी होती. शोरूममध्ये त्यांनी मडफ्लॅप बसवू का म्हणून विचारलं, तर मी नको म्हणालो. चाकामागे काहीतरी लोंबतंय हे मला बरं दिसेना. आठवड्यात अक्कल आली. त्या वर्षी रस्त्याचं काम चालू होतं, जागोजागी मातीचे वळणरस्ते काढलेले. गाडी एकदा अमळनेरकडे जाऊन आली की दाराच्या हँडलपर्यंत काळे शिंतोडे. नुसता चिखल असता तर धुतला असता. खडी उडून दाराच्या खालच्या कडेला रंगाचे टवके गेले होते, मोहरीएवढे. मी वाकून ते मोजत बसायचो. स्वतःच्याच चाकांनी गाडी स्वतःच्याच अंगावर दगड मारून घेते, हे मला तेव्हा पहिल्यांदा कळलं.

मग मी अभ्यास सुरू केला. मडफ्लॅपचा. मऊ रबर की कडक प्लॅस्टिक? कडक दिसतं छान, पण गतिरोधकावर टेकलं की तडकतं. मऊ टिकतं, पण वेगात मागे उडतं. प्रत्येक गाडीसाठी साच्यातून काढलेले मिळतात, आणि कुठल्याही गाडीला चालणारे सरसकटही मिळतात. पत्र्याला नवीन भोक पाडायचं नाही, नाहीतर तिथून गंज धरतो. आधीचे जे स्क्रू असतात तेच वापरायचे. स्टेअरिंग पूर्ण डावीकडे, पूर्ण उजवीकडे फिरवून पुढचा फ्लॅप टायरला घासत नाही ना ते बघायचं. रात्री जेवताना मी हे बायकोला समजावून सांगायचो. ती एकदा म्हणाली, "पीएच.डी.साठी एवढं वाचलं असतं तर आज डॉक्टर झाला असता." माझी पीएच.डी. अर्धवट सुटलेली आहे. घरात तो विषय फक्त तिला काढता येतो.

शेवटी धुळ्यातल्या एका दुकानात साच्यातले काळे फ्लॅप पसंत केले. माल संपला होता. आला की फोन करतो, असं शेठजी म्हणाले. आणि मध्येच राखी आली.

माझी थोरली बहीण, अक्का, चोपड्याकडच्या एका गावात दिलेली. माझ्यापेक्षा आठ वर्षांनी मोठी. तिच्या यजमानांना गाव आबा म्हणतं, म्हणून मीही आबाच म्हणतो. रस्त्याला लागून त्यांचं पत्र्याचं शेड आहे. केळीच्या ट्रकांचे आणि ट्रॅक्टर-ट्रॉल्यांचे मडफ्लॅप कापून, रंगवून, बसवून द्यायचे, हा त्यांचा चाळीस वर्षांचा धंदा. कापसाच्या जिनिंगमधला झिजून काढून टाकलेला रबरी पट्टा ते आणतात. त्यात रबराच्या आत कापडाचे थर असतात, त्यामुळे तो फाटत नाही. आबा त्यांना पट्टेच म्हणतात. मडफ्लॅप हा शब्द त्यांच्या तोंडून मी ऐकला नाही.

आता नीट बघा. गाडीच्या चाकांमागे काय बसवावं यासाठी मी आठ दिवस मोबाइल चाळत होतो, शेठजींकडे दोन खेपा घातल्या होत्या, आणि सगळ्या तालुक्याच्या गाड्यांना पट्टे करून देणारा माणूस माझ्या सख्ख्या बहिणीचा नवरा होता. त्यांना विचारावं हे माझ्या मनातही आलं नाही. असं कसं आलं नाही, हा प्रश्न मी स्वतःला नंतर पुष्कळदा विचारला. आलं असणार. आणि मी ते मागे सारलं असणार.

राखी बांधून झाली. आबा बाहेर जाऊन गाडीभोवती एक चक्कर मारून आले.

"सर, गाडी झकास शे," ते म्हणाले. ते मला सरच म्हणतात. "पन चाकंस्ना मांगे बठ्ठं उघडं शे. चिखल कोठे जाई मंग? दारवरच येई ना!"

"राहू द्या आबा. मी बघतोय एक."

"बघनं काय त्यामा? तुम्हीन जेवा, तवलोंग व्हई जास."

हे बोलणं असंच होतं बरं का. ते अहिराणीत आणि मी पुस्तकी मराठीत. लहानपणी मीही अक्काशी अहिराणीतच भांडलो, रडलो. देवपुरात आल्यावर हळूहळू जीभ वळेनाशी झाली. झाली म्हणजे मी केली. वर्गात एकदा 'शे' निघून गेलं आणि मागच्या बाकावरून हसू आलं, तेव्हापासून.

आबांनी आधी वर्तमानपत्र चाकामागे धरून त्याचा नमुना फाडला. मला आत बसवून स्टेअरिंग दोन्ही बाजूंना पूर्ण फिरवायला लावलं आणि खडूनं खुणा केल्या. मग अक्काला बोलावलं, माझ्या बायकोला बोलावलं, शेजारच्या दोन जाडजूड मावश्यांना बोलावलं आणि सगळ्यांना गाडीत कोंबलं. अक्का आतून ओरडली, "आते कोठे लई जाई ऱ्हायनात आम्हले?" आबा खाली जमिनीला गाल टेकवून मागच्या चाकाकडे बघत होते. तिथूनच म्हणाले, "रिकामी गाडीनं माप खोटं ऱ्हास. मानसं बठनात का गाडी खाले बठस." माझ्या आठ दिवसांच्या अभ्यासात हे कुणीच सांगितलं नव्हतं.

मग त्यांनी रापी पाण्यात बुडवली आणि पट्टा कापला. ओल्या पात्याखाली तो जाड रबर कणकेसारखा सरळ निघत गेला. पत्र्याला त्यांनी भोक पाडलं नाही. "तठून गंज सुरू," एवढंच म्हणाले, आणि आधीचेच स्क्रू वापरले. मी श्रीखंडपुरी खाऊन तिथल्याच बाजेवर आडवा झालो. उठून बाहेर आलो तर मागच्या दोन पट्ट्यांवर पिवळ्या ऑइलपेंटनं अक्षरं काढलेली होती. डावीकडे 'अक्कानी', उजवीकडे 'माया'. खाली पोळ्यासाठी आणून ठेवलेले दोन लाल गोंडे.

अक्का पदर तोंडाला लावून उभी होती. "अरे बाई, मन्हं नाव गाडीवर!" असं म्हणून ती हसली आणि मग तिचे डोळे भरले. आबांनी चाळीस वर्षांत ट्रकांमागे कुणाकुणाच्या आयांची, लेकरांची, देवांची नावं रंगवली होती. बायकोचं नाव त्यांनी कधी कुठं घातलं नव्हतं. त्यांच्या मालकीचं एकही वाहन नव्हतं, घालणार कुठे? साल्याची गाडी आली तेव्हा त्यांनी ते घातलं. हे मला तेव्हाच समजलं होतं. पुढं मी जे केलं ते न कळून केलं, असं मला म्हणता येणार नाही.

मला लाज वाटली. आडवळणानं कशाला सांगू? त्या पिवळ्या अक्षरांची, त्या गोंड्यांची, त्या 'नी'ची मला लाज वाटली. 'अक्काची' असतं तर थोडी कमी वाटली असती का, असा हिशेबही मनात झाला. आमच्या कॉलेजात वरणगावचे एक सहकारी आहेत, इंग्रजी शिकवतात. एका शिपायाच्या मोटारसायकलवर 'आईचा आशीर्वाद' लिहिलेलं पाहून त्यांनी स्टाफरूममध्ये वर्षभर नकला केल्या होत्या. त्या नकलांना सगळ्यात मोठ्यानं मी हसलो होतो. उद्या सकाळी स्टाफच्या गाड्यांच्या रांगेत माझी पांढरी गाडी मागून कशी दिसेल, हे मी चोपडा ते अमळनेर बघत आलो. तापीच्या पुलावर नदी दुथडी भरून चालली होती. मी आरशात गोंडे हलताना बघत होतो.

अमळनेरच्या पुढे एक ट्रॅक्टरवाला मागून आला, अक्षरं वाचली, शेजारून जाताना हसून हात वर केला. आपला माणूस दिसला की करतात तसा. माझे कान तापले. आणि नेमका तेवढ्यात शेठजींचा फोन आला: सर, माल आलाय.

धुळ्यात शिरताच मी गाडी घरी न नेता दुकानाकडे वळवली.

"आत्ता?" बायको म्हणाली.

"आत्ताच. उद्या कॉलेज आहे."

"राखी बांधलेल्या हातानं?"

मी गाडी दुकानासमोर लावली. ती गाडीतून उतरली नाही. पुढचा सगळा वेळ ती काचेतून सरळ समोर बघत बसली.

शेठजींचे आजोबा राजस्थानातून आलेले, पण शेठजी आमच्याइतकेच धुळ्याचे. त्यांनी स्वतः खाली बसून पट्टे काढले. उजव्या पट्ट्यावरचा रंग अजून ओला होता. 'माया'तला पिवळा त्यांच्या बोटाला लागला. तो फडक्याला पुसत ते म्हणाले, "सर, असा माल आता बघायला मिळत नाही. आणि माप तर बघा. हे घरी घेऊन जा, ठेवून द्या."

"नको. इथंच राहू द्या."

"टाकून देऊ?"

मी म्हणालो, "तुम्ही बघा काय करायचं ते."

म्हणजे 'टाकून द्या' हे दोन शब्दसुद्धा माझ्या तोंडून निघाले नाहीत. ते मी शेठजींवर ढकलले. पाच-सहा दिवसांनी मन खाऊ लागलं तेव्हा मी परत गेलो. भुसावळकडचा कुणी टेम्पोवाला आला होता, त्याला ते आवडले, तो घेऊन गेला. तेव्हापासून माझी नजर चाकांमागे फिरते. अजून दिसलेले नाहीत. कुठल्या तरी परक्या टेम्पोमागे माझ्या बहिणीची माया चिखल अडवत फिरते आहे.

दुसऱ्या दिवशी अक्काचा फोन. "काय रे भाऊ, पट्टा कसा शेतस?"

"एकदम छान. कॉलेजात सगळे विचारत होते, कुठून केले."

"खरं?"

"खरंच गं."

मागून आबांचा आवाज आला, वळनवर घासतस का इचार. मी म्हणालो, अजिबात नाही. एवढं मात्र खरं होतं. जे पट्टे गाडीला नाहीत ते घासणार कसे!

एक खोटं बोलून माणूस सुटत नाही, त्याला त्या खोट्याची सरबराई करावी लागते. पोळ्याच्या आधी चार दिवस अक्का आणि आबा न कळवता सकाळच्या बसनं आले. अक्काचे गुडघे धरले होते, आणि धुळ्यात हाडांचे एक चांगले डॉक्टर आहेत असं त्यांना कुणी सांगितलं होतं. मी गॅलरीतून त्यांना फाटकातून आत येताना पाहिलं. अक्का दर चार पावलांनी थांबत होती. आणि मी काय केलं असेल? मागच्या जिन्यानं धावत खाली गेलो आणि गाडीवर कव्हर चढवलं.

"भाऊ, तुन्ही गाडीमा बसीसन जाऊत," अक्का चहा पिताना म्हणाली. "बठ्ठा गावले सांगेल शे मी."

"अगं अक्का, गाडी बंद आहे. बॅटरी उतरलीय."

बायको स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. तिनं माझ्याकडे पाहिलं आणि आत गेली.

"देखू का?" आबा उठलेच. "ढकलीसन चालू करी लेऊत."

"नको, नको. मेकॅनिकला सांगितलंय."

पण आबा खाली गेले होते. मी मागोमाग. पाऊस भुरभुरत होता. कव्हर बाजारातलं, आखूड, मागचं चाक खालून अर्धं उघडं. तिथं शेठजींचा काळा कुळकुळीत फ्लॅप दिसत होता, नव्या स्क्रूंसकट. आबांची नजर तिथं गेली. ती तिथं किती वेळ थांबली ते मला सांगता येणार नाही. मला फार वेळ वाटला. जिन्यावरून अक्काच्या पावलांचा आवाज येत होता, एकेक पायरी. आबा वाकले. कव्हरचं इलॅस्टिक धरून त्यांनी ते खाली ओढलं, चाकाखाली नीट खोचलं, फ्लॅप पूर्ण झाकला. मग उभं राहून, माझ्याकडे न बघता म्हणाले, "पानी जास आत."

आम्ही रिक्षानं गेलो. रिक्षात चढताना अक्काला दोनदा पाय मागे घ्यावा लागला. ती कडेला बसली होती. पांझरेच्या पुलाच्या अलीकडे एक टेम्पो शेजारून गेला आणि खड्ड्यातलं सगळं पाणी तिच्या अंगावर आलं. ती दवाखान्यासाठी म्हणून ठेवणीतली फिकी गुलाबी साडी नेसली होती. मी खिशातला रुमाल पुढे केला. तिनं तो घेतला नाही, ओल्या पदरानंच पुसत म्हणाली, "ऱ्हाऊ दे. माती शे, धुवाई जाई." डॉक्टरांच्या खोलीबाहेर ती बाकावर बसली तेव्हा गुडघ्यापासून खाली सगळी काळी होती आणि लोक बघत होते. माझी गाडी घरी कव्हराखाली कोरडी, स्वच्छ उभी होती. मी त्या दिवशी शेण खाल्लं, यापलीकडे त्याला दुसरा शब्द नाही.

आता आबा तिला सांगतील, या धास्तीत मी एक रात्र काढली. दुसऱ्या दिवशी तिचा फोन आला. तर ती खळखळून हसत होती.

"काय रे, माले बरं वाटाले पाहिजे म्हनीसन खोटं बोलना ना तू? पट्टा टायरले घासेत, ते सांगता नही येत व्हतं का?"

"कोण म्हणालं?"

"आबास्नीच सांगं बसमा. म्हने, मन्हंच माप चुकनं. मीच सरले काढाले लावात." आणि मग फोन दूर धरून, आबांना ऐकू जाईल असं, "चाळीस वरीस रबर कापं, नी मन्हा भाऊनी गाडीनं माप चुकनं!"

आबांनी आयुष्यात एकच गोष्ट कमावली होती. शंभर गावांत लोक म्हणायचे, आबांचं माप चुकत नाही. ती त्यांनी माझ्यासाठी अक्कासमोर खाली ठेवली होती. आणि अक्का माझ्या खोट्याला माझा चांगुलपणा समजत होती. त्या क्षणी "नाही अक्का" म्हणणं किती सोपं होतं. दोन शब्द. मी म्हणालो, "जाऊ दे गं, होतं असं कधी कधी."

ही गंमत मग त्यांच्या घरात रुजली. दर राखीला, दर फोनला. आबांनी भाकरी जरा वाकडी मोडली तरी अक्का म्हणायची, बघ, माप चुकनं. आबा नुसते मान हलवायचे. आणि मी हसायचो. तेच स्टाफरूममधलं, सगळ्यात मोठं हसू. माणसाला आपल्या कर्माची लाज एकदा वाटते आणि मग विरते, असं मला वाटायचं. तसं नसतं. कोरड्या दिवसांत ती भेगांमधून खाली जाते, आणि श्रावणात परत वर येते.

यंदाच्या राखीला मी गेलो तेव्हा शेडमध्ये एक ट्रकवाला बसलेला होता. नवीन ट्रक, चारही पट्टे करायचे होते. अक्का ओवाळणीचं ताट घेऊन शेडमध्येच आली, कारण आबांना काम सोडता येत नव्हतं. माझ्या हाताला राखी बांधता बांधता तिनं नेहमीची गंमत काढली. ट्रकवाला परगावचा, त्याला ती नवीन. तो हसला आणि म्हणाला, "आबा, मंग मन्हं माप दोनदा लेज्यात हां. नही ते ऱ्हाऊ द्या, टेप मीच धरस." आणि त्यानं हात पुढे केला.

तो थट्टेतच बोलत होता. पण हात पुढे केलेला होता. आबांनी क्षणभर त्या हाताकडे पाहिलं, आणि गळ्यातली टेप काढून त्याच्या हातात दिली.

"माप बरोबर व्हतं, अक्का," मी म्हणालो.

अहिराणीत. किती वर्षांनी कोण जाणे. ती वर बघायला लागली. "काय?"

"आबास्नं माप बरोबर व्हतं. पट्टा घासेत नही. माले लाज वाटनी म्हनीसन मी काढात. त्याच दिन, धुयाना एक दुकानमा."

ट्रकवाल्यानं टेप हळूच पट्ट्यावर ठेवली आणि तो उठून आपल्या ट्रककडे गेला. अक्काच्या हातात राखीची उरलेली दोऱ्याची गाठ तशीच होती. मला वाटलं होतं ती रागावेल, रडेल, मला चार शब्द सुनावेल. मी त्या चार शब्दांची तयारी करूनच बोललो होतो. पण ती माझ्याकडे बघतच नव्हती. आबांकडे बघत होती.

"मंग चार वरीस मी कोनले हासनू?" ती म्हणाली.

आबांनी रापी उचलली, पाण्यात बुडवली, आणि परत खाली ठेवली. "हासनी ते काय व्हयनं," ते म्हणाले. "बरं वाटे माले."

अक्का ताट घेऊन घरात गेली. जेवायला वाढायला तिची सून आली.

मी इतकी वर्षं समजत होतो की खरं सांगितलं की मन मोकळं होईल. झालंही, थोडं. पण माझ्या मनातून निघालेली लाज हवेत विरली नाही. ती उठून तिच्याकडे गेली. चार वर्षं आपल्या नवऱ्याच्या एकुलत्या एका अभिमानाची टिंगल आपण केली, सुनेसमोर, गिऱ्हाइकांसमोर, हे तिला आता रोज आठवणार. आणि आबांना हे केव्हाच दिसलं होतं. म्हणूनच ते चार वर्षं गप्प होते. मला झाकायला म्हणून नव्हे फक्त.

निघताना आबा गाडीपर्यंत आले. मागच्या चाकाशी बसून त्यांनी शेठजींचा फ्लॅप हातानं हलवून पाहिला. एक स्क्रू ढिला होता, तो खिशातल्या पान्यानं आवळला. "हाई बी चांगला शे," म्हणाले. मग उठून, हात पुसत, "चार दिन तिले फोन नका करज्यात, सर."

इतक्या वर्षांत त्यांनी माझी बाजू घेतली नाही असं पहिल्यांदाच झालं. मी बरं म्हणालो.

मी चार दिवस थांबलो. पाचव्या दिवशी, म्हणजे आज सकाळी, तिचाच फोन आला. मी गाडी धूत होतो. तिनं बायकोची खुशाली विचारली, पाऊस किती झाला ते विचारलं. 

"भाऊ, एक इचारू?"

"इचार ना अक्का."

"त्या दिन दवाखानाले माले रिक्षामा लई गया. तवय तुन्ही गाडी बंद नव्हती ना?"

पाईपमधलं पाणी माझ्या पायावर पडत होतं.

"नव्हती," मी म्हणालो.

"बरं," अक्का म्हणाली. मी तिच्या गुडघ्यांचं विचारणार होतो, तेवढ्यात तिनं फोन ठेवला.